सोपानरावांचं पाणी

निवृत्त नर्स कुमुदताई चिपळूणला घर बांधत होत्या. बाहेरच्या गिलाव्याला आठ दिवस झाले होते. त्यावर रोज पाणी मारलं नसेल, तर तडे जाऊन पावसाळ्यात घर गळणार होतं.

"पाणी मारलंत ना?" तरुण इंजिनिअर शर्वाणीनं विचारलं.

"दोन्ही वेळ, पार पायथ्यापर्यंत चिंब!" ठेकेदार सोपानराव गुरकावले. "चाळीस वर्षं घरं बांधतोय. तू मला शिकवणार, पोरी?"

शर्वाणीनं भिंतीच्या पायथ्याची माती उकरली आणि कोरडे पिवळे दाणे सोपानरावांच्या तळहातावर ठेवले.

"गिलावा झाला त्याच दिवशी मी इथे मेथी पेरली होती, काका. तुमच्या अनुभवाला चाळीस वर्षं लागली, मेथी उगवायला तीनच दिवस लागतात."

इतका वेळ बिचकून मागे उभ्या असलेल्या कुमुदताई पुढे येऊन म्हणाल्या, "गिलावा पुन्हा करा, सोपानराव. या वेळी मेथी मी पेरते."