खारट झालेली गोड बोंडं

नदीकाठच्या एका छोट्या गावात वेणूकाकू नावाच्या सुगरण बाई राहत होत्या. त्यांच्या हातची पनीरची बोंडं पंचक्रोशीत नावाजलेली होती. घरच्या म्हशीचं दूध तापवायचं, त्यात लिंबू पिळायचं, फाटलेलं दूध फडक्यात बांधून त्यावर जड पाटा ठेवायचा. पाणी निथळलं की ते पनीर तळहातानं मऊ होईतो मळायचं आणि त्यात तांदळाची पिठी घालायची. मग त्याचे दोन भाग. एकात वेलदोडा, बेदाणे आणि पिठीसाखर. दुसऱ्यात हिरवी मिरची, जिरं, कोथिंबीर आणि मीठ. गोड बोंडं आणि तिखट बोंडं एकाच कढईत, मंद आचेवर तळून निघत. खाणारा आधी कोणतं उचलावं या पेचात पडे.

काकू मनानं वाईट नव्हत्या. पण स्वयंपाकघरात त्यांना कुणी काही सुचवलेलं खपत नसे. घरात नवी सून आली होती, वैजू. पोर गुणी, पण सासूसमोर तिचा आवाज फुटत नसे.

लग्नानंतर वैजूचे आईवडील पहिल्यांदाच जेवायला यायचे होते. वैजूच्या आईला, सुभद्राबाईंना, एकच घोर होता. विहीणबाई फटकळ आहेत असं त्यांच्या कानावर आलं होतं, आणि आपली लेक त्या घरात कशी नांदत असेल या काळजीनं त्यांना घास गोड लागत नव्हता.

काकूंनी आदल्या दिवशी सगळं फडताळ घासूनपुसून लख्ख केलं होतं. डबे परत लावताना मिठाचा डबा साखरेच्या जागी गेला आणि साखरेचा मिठाच्या. दोन्ही डबे सारखे, आत दोन्हीकडे पांढरं आणि बारीक. काकूंचा हात सवयीनं जायचा तिथेच गेला. गोडाच्या पनीरात त्यांनी भरभरून मूठ सोडली.

वैजूनं ते पाहिलं. “आई, त्या डब्यात...” ती म्हणाली.

“माझ्या घरातले डबे तू मला दाखवणार?” काकू कडाडल्या. “जा, पानं मांड.”

वैजू मुकाट्यानं गेली. आता कुणीही चव घेऊन पाहिली असती. पण आधी देवाला नैवेद्य दाखवायचा होता आणि त्याआधी अन्न जिभेला लावायचं नाही, हा त्या घरचा नेम. गोड बोंडांना नेहमीचा लालसर रंग चढेना, तेव्हा काकूंना वाटलं, आच कमी पडली असेल. नैवेद्य दाखवला. देवानं काही तक्रार केली नाही.

पाहुणे पानावर बसले. सुभद्राबाईंचा उतरलेला चेहरा काकूंनी पाहिला आणि त्यांना मनापासून वाटलं, या माउलीला बरं वाटेल असं काही बोलावं. त्या म्हणाल्या, “आजची बोंडं तुमच्या वैजूच्या हातची बरं का! मी नुसती बाजूला उभी होते.”

सुभद्राबाईंचा चेहरा उजळला. त्यांनी मोठ्या कौतुकानं गोड बोंड उचललं आणि अर्धं तोंडात घातलं.

वेलदोड्याचा वास, दाताखाली बेदाणा, आणि नुसतं मीठ! व्याही घटाघटा पाणी प्यायले. काकूंचे यजमान तात्या घास गिळावा की टाकावा या विचारात तोंड मिटून बसले. काकूंनी स्वतःच्या पानातलं बोंड चाखलं. सगळं त्यांच्या लक्षात आलं.

सुभद्राबाई तर शरमेनं अर्ध्या झाल्या. त्यांनी पानावरच हात जोडले. “विहीणबाई, पोर अजून लहान आहे. चुकली असेल. एवढ्या वेळेला गोड मानून घ्या.”

वैजू वाढायचं ताट हातात धरून उभी होती. तिचे डोळे भरून आले.

काकूंना काहीच करायची गरज नव्हती. गप्प बसलं की झालं. इतक्या वर्षांचं नाव शाबूत राहिलं असतं. नव्या सुनेची चूक म्हणून सगळे हसले असते आणि विसरलेही असते. विसरली नसती ती फक्त समोर हात जोडून बसलेली आई. ते जोडलेले हात काकूंना बघवेनात.

“विहीणबाई, हात खाली घ्या,” त्या म्हणाल्या. “बोंडं माझ्या हातची आहेत. हिचं कौतुक व्हावं म्हणून मी हिचं नाव सांगितलं. मी मीठ घालत होते तेव्हा ही मला सांगायला आली, तर मी हिलाच दटावलं. चूक माझी आहे, सगळीच्या सगळी.”

मग तात्यांनी कसाबसा घास गिळला. “तरीच म्हटलं, तिखट बोंडं इतकी गोड कशी!” त्याबरोबर व्याह्यांना हसू फुटलं, आणि मग सगळ्यांनाच. वैजूही पदरानं डोळे पुसत हसली. बाकीचं जेवण वरणभातावर आणि लोणच्यावर पोटभर झालं.

निघताना सुभद्राबाईंनी काकूंचे दोन्ही हात हातात घेतले. त्या म्हणाल्या, “घर बघून पोर दिली होती, विहीणबाई. माणूस आज बघितलं.”

तात्पर्य काय, तर आपल्या कामाचं श्रेय दुसऱ्याला द्यावं, ते चांगलंच. पण त्या कामात खोट निघाली, तर ती त्याच्या माथी राहू देऊ नये, चारचौघांत परत मागून घ्यावी.