राजाने ऐकलेला उजेड

एका राज्यात, जिथे हिवाळाभर सूर्य उगवतच नसे, चंद्रकेतू नावाचा राजा होता. त्या राज्याच्या आकाशात हिरव्या-तांबड्या ज्योती नाचत. म्हातारी माणसे म्हणत, "त्या ज्योतींना आवाज आहे." राजाने तो कधी ऐकला नव्हता. म्हणून असे म्हणणाऱ्या सर्वांना त्याने लबाड ठरवून हद्दपार केले.

त्यांत अर्चिषा नावाची चेटकीण होती. वेशीवर थांबून ती म्हणाली, "राजा, तू आमची वाणी खोटी ठरवलीस. तुझ्या कन्येची वाणी जाईल. ज्योतींचा नाद तू स्वतः ऐकशील, तेव्हाच ती परतेल."

राजवाड्यात राजकन्या मंजुघोषा गात होती. गाणे अर्ध्यावरच तुटले.

प्रधान हळूच म्हणाला, "महाराज, ऐकला म्हणून सांगून टाका."

"लेकीचा गळा पणाला लागला असता खोटे बोलू?" राजा म्हणाला आणि एकटाच हिमशिखर चढला.

शिखरावर एक पांढरे घुबड बसले होते. ते मनुष्यवाणीने म्हणाले, "काय ऐकलेस?"

"चिलखताची खणखण."

"उतरव."

राजाने चिलखत दरीत लोटले. थंडी हाडांत शिरली. माथ्यावर ज्योती लवलवत होत्या.

"आता?"

"वारा. आणि माझेच दात."

"मग थांब."

वारा पडेपर्यंत राजा उभा राहिला. दाढीवर बर्फ साचला. त्याला लेक आठवली. ऐकले असे म्हणावे, असे ओठांवर आले, पण त्याने ते गिळले. अवघे आकाश पेटले, आणि कुठेतरी दूरच्या घरी लाह्या फुटाव्यात तशी बारीक तडतड त्याच्या कानी आली.

"लाह्या!" राजा रडू लागला. "लाह्या फुटताहेत!"

"ज्योतींच्या की तुझ्या मनाच्या?"

"ते मला ठाऊक नाही. पण ऐकल्या."

घुबड उडून गेले. तिकडे राजवाड्यात मंजुघोषेने दासीला विचारले, "तात कुठे आहेत?"

राजाने स्वतः जाऊन अर्चिषेसह सर्वांना मानाने परत आणले. फर्मान निघाले, "ज्याला ऐकू येईल त्याने सांगावे, ज्याला येणार नाही त्यानेही सांगावे. दोघांनाही राज्यात घर आहे."

त्या हिवाळ्यात सारी प्रजा टेकडीवर जमली. काहींनी ऐकले. बाकीचे गारठलेले कान चोळत, हसत म्हणाले, "उद्या पुन्हा येऊ."