सगुणेचा मळा

"पण माय, पोरीला जन्मापासूनच हिस्सा, हे कुठल्या देवाला पटलं?"

घाटाच्या पायरीवर बसून केशरमाय परातीत तीळ निवडत होती.

कृष्णेवर धुकं इतकं दाट उतरलं होतं की पलीकडचा काठ आज नव्हताच. पाणी कुठं संपतं नि आभाळ कुठं सुरू होतं, ते कळत नव्हतं.

माय घाटावरच्या लहानशा मठात एकटी राहायची. आसपासच्या गावांत तिच्या शब्दाला मान होता. म्हणूनच दौलत शिंगटे आज सकाळी सकाळी इथं येऊन बसला होता. एरवी तो कुणाच्या दारात जात नसे, लोकच त्याच्याकडे यायचे.

त्याच्या धाकट्या बहिणीनं, हौसानं, सांगून टाकलं होतं… माय म्हणाली तर सही करते.

"कायदा तिच्या बाजूनं आहे, मला ठाऊक आहे," दौलत म्हणाला. "पण मळा वाडवडिलांचा आहे. आमच्या घरातल्या कुठल्या बाईनं माहेरची माती मागितली नाही आजवर."

"हौसानं मागितली?"

"मागितली नाही. पण सोडतही नाही."

"काय म्हणते?"

दौलत जरा घुटमळला.

"म्हणते, दादा, मागायचं तर भावासारखं माग. वकिलाच्या तोंडून काय मागतोस?"

मायच्या ओठांच्या कोपऱ्यात हसू आलं नि गेलं.

"मग तू मागितलंस?"

"मी कशाला मागू? माझंच आहे ते." त्यानं सदऱ्याच्या खिशावरून हात फिरवला. आत हक्कसोडपत्राचा कागद होता. "परवा कचेरीत यायचं, मुकाट्यानं सही करायची. भाऊबीज, साडीचोळी, सगळं करीन मी. आणि नाही केली सही, तर आम्हाला ती मेली."

मायचा हात तिळांत थांबला.



मग तिनं मूठभर तीळ उचलून त्याच्या हातावर ठेवले.

"सर्वपित्री अमावास्या आहे आज. आलायस तर आधी पितरांना पाणी दे."

"भटजी कुठं आहेत?"

"येतील तेव्हा येतील. तू नावं घे. मी ऐकते."

दौलतनं सदरा काढून पायरीवर ठेवला. वाऱ्यानं उडू नये म्हणून मायनं त्याच्यावर आपली काठी ठेवली.

तो कमरेएवढ्या पाण्यात गेला. दक्षिणेकडे तोंड केलं. पाणी गार होतं, पण थोड्या वेळानं ते गार आहे हेही कळेनासं झालं.

"वडील बापूराव." ओंजळीतलं पाणी पडलं. "आजा सटवाजी. पणजा निंबाजी."

"आता बाया."

"आई ताराबाई. आजी अंजिरा…"

"पणजी?"

दौलत थांबला. ओंजळीतून पाणी ठिबकत राहिलं.

"ठाऊक नाही, माय."

"मळ्याला काय म्हणता तुम्ही?"

"सगुणेचा मळा."

हजारदा तोंडातून गेलेला शब्द. पण आज तो धुक्यात गेला आणि वळून परत आला, दुसऱ्याच कुणाच्या आवाजात. बापूंच्या.

दौलतला दिसलं… तो एवढासा आहे, याच पाण्यात बापूंचं धोतर धरून उभा आहे. पायरीवर हौसा तिळाची वाटी मांडीवर घेऊन बसलीय, सांडू नये म्हणून दोन्ही हातांनी झाकून. आणि बापू पाणी देतायत. सगुणा, म्हणतायत. सगुणा…

"माय," तो हळूच म्हणाला, "सगुणा माझी पणजी."

"मळ्याला तिचं नाव कसं?"

"तिच्या लग्नात…" त्यानं रिकामी होत आलेली ओंजळ पुन्हा पाण्यात बुडवली. "बापू सांगायचे. तिच्या भावानं दिला. चोळीबांगडीला."

सासरी बहिणीला चोळीबांगडीसाठी कुणापुढं हात पसरावा लागू नये, म्हणून माहेरची माणसं पूर्वी असा जमिनीचा तुकडा तिच्या नावानं देत. हे दौलतला कुणी समजावून सांगायला नको होतं.

"कागद केला होता?" मायनं विचारलं.

"नाही. नांगर धरून आला होता म्हणे तो. मळ्यात नांगराचं पहिलं तास स्वतः घालून दिलं नि गेला. पाणीसुद्धा प्याला नाही बहिणीच्या घरचं."

त्यानं सगुणेच्या नावानं पाणी सोडलं. धुकं जरा हललं. पलीकडे कुणी बाई उभी असल्यासारखी वाटली, डोक्यावर पदर, हातात हिरव्या बांगड्या. तोंड ओळखीचं होतं. अगदी रोजच्या ओळखीचं.

"आणखी कोण गेलंय तुझ्या घरातलं?" मायचा आवाज लांबून आला. का जवळून, ते त्याला सांगता आलं नसतं.

त्याची ओंजळ आपोआप पाण्यात गेली, भरून वर आली. तो त्या बाईकडे बघत होता. झोपेत बोलावं तसे त्याचे ओठ हलले.

"हौ…"

माय कधी पाण्यात उतरली, त्याला कळलंच नव्हतं. तिनं त्याचं मनगट घट्ट धरलं. ओंजळ कलंडू दिली नाही.

"थांब, दौलत… ती जिवंत आहे."