सुंदराक्काची खेप

एसटी डोंगराखालीच थांबायची, त्या काळातली ही गोष्ट. वर करंबळीचा धनगरवाडा, वीस उंबऱ्यांचा. पाणी मात्र समोरच्या डोंगरातल्या झऱ्याला, एका खेपेला अर्धा दिवस जायचा. तिथली रीत अशी, की भरलेली घागर घरी पोचेपर्यंत भुईला टेकवायची नाही. टेकवली तर झरा रुसतो, असं म्हणतात.

मग नळयोजना मंजूर झाली. पाइप मधल्या दरीतून, रावजी इंगवल्यांच्या शेताखालून यायचा होता. इंगवले धास्तावले. आज पाइप, उद्या गाडीवाट, परवा शेतच जाईल! त्यांनी दावा लावला, आणि निकाल लागेपर्यंत खोदाई थांबवा म्हणून अर्जही दिला.

पुरुष मेंढरं घेऊन देशावर गेलेले. योजनेच्या कागदावर पहिली सही सुंदराक्काची, कारण चौथी शिकलेली ती एकटीच. म्हणून कोर्टाचा कागदही तिच्याच नावानं आला. पाठीला झोळीत सहा महिन्यांची लेक, आणि मनात एकच घोर, आपल्या हातून काही चुकलं तर हिला पाणी कुठलं? तिनं तो कागद दहादा वाचला, आणि दहाही वेळा वार चुकीचाच वाचला.

बुधवारी झऱ्यावरून घागर घेऊन निघाली, तर वाटेत पोस्टमन ओरडला, "अगं सुंदराक्का, तुझी तारीख आजच ना?"

घरी जायला वेळ नव्हता, आणि खालची एसटीही निघून गेली होती. ती तशीच तालुक्याला निघाली. तीन कोस चालली, पण थेंब सांडला नाही, असं म्हणतात. थोडं सांडलं असेलही, पण तसं कुणी म्हणत नाही.

कोर्टाच्या दारात शिपाई हसला, "बाई, हा पाणवठा नव्हे. घागर बाहेर ठेव."

"टेकवता येत नाही, दादा. घरी गेल्यावरच."

न्यायाधीशांनी तिला तशीच आत येऊ दिली. इंगवले समोरच बसले होते. त्यांचे वकील तासभर बोलले, मग आणखी तासभर. लेक रडली नाही, घागर हलली नाही. शेवटी वकील म्हणाले, "आमचं मागणं एवढंच, निकाल लागेपर्यंत सगळं आहे तसं राहू द्यावं."

सुंदराक्कानं भीत भीत विचारलं, "साहेब, निकालाला किती दिवस?"

"चार-पाच वर्षं लागतील, बाई."

"मग तोवर मी अशीच उभी राहू का?"

ती वाद घालत नव्हती, खरंच विचारत होती. पण भिंतीवरचं घड्याळसुद्धा थांबलं, असं म्हणतात.

न्यायाधीश हळू आवाजात म्हणाले, "दावा चालू राहील. पिकाचं नुकसान पुढे भरून देता येतं, तहान भरून देता येत नाही. मनाई अर्ज नामंजूर."

खोदाईच्या दिवशी इंगवले कुदळ घेऊन बांधावर आले. बायका घाबरल्या. सुंदराक्का लेकीला छातीशी धरून पुढे झाली, "रावजीदादा, तुमच्या पिकाला धक्का लागला तर आम्ही लावून देऊ."

"ते राहू दे," इंगवले म्हणाले. "'आहे तसं' म्हणजे कसं, ते मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिलं." आणि पहिला घाव त्यांनीच घातला. दावाही मागे घेतला.

आजही त्या खोऱ्यात पाइप असो वा विजेचा खांब, ज्याच्या जमिनीतून जायचा त्यालाच मानानं बोलावतात. सगळे बाजूला उभे राहतात, आणि 'सुंदराक्काच्या नावानं' म्हणत पहिली कुदळ तोच मारतो.