जावांची राई

पाव्हणं, राखणीला माणूस ठेवायचा झाला तर भरवसा कोणावर ठेवाल? भल्या माणसावर, की जळणाऱ्यावर? उत्तराची घाई नको. आधी ओढ्याच्या उगमावरचे हे दोन ऐनाचे वृक्ष बघा, कवेत मावत नाहीत. मी हिरड्याचा व्यापारी. खरेदीसाठी डोंगरोडोंगर हिंडलो. कुठे देवाच्या धाकाने झाडांची राई राखतात, कुठे पूर्वजांच्या नावाने. हेव्याने राखलेली मात्र मी ही एकच पाहिली.

पूर्वी म्हणे देवीच्या या राईची राखण लहानू भगताकडे होती. देवमाणूस! कोणी दारात रडत आलं की झाड देऊन टाकायचा. अर्धी राई अशी दयेतच गेली.

वाडीत ठकू आणि चिमा या जावा वेगळ्या झाल्या. धाकट्या चिमाने नव्या घराच्या आढ्यासाठी एक ऐन मागितला. लहानू हो म्हणाला. थोरली ठकू हेव्याने जळाली. कुऱ्हाड यायच्या आत ती झाडाला पाठ लावून बसली.

"उठा जाऊबाई. झाड देवीचं आहे, तुमचं नाही."

"देवीचं आहे तोवर ठीक. तुझ्या घरावर चढलेलं मला बघवायचं नाही!"

"मग शेजारचा ऐन तुम्ही गोठ्याला मागितलाय, त्याखाली मी बसते."

"बस की! सावली फुकट आहे."

चिमा खरंच बसली. घर उघडं, गोठा उघडा. पण कोणी हलेना. भाकरीसुद्धा तिथेच.

त्या साली पावसाने दगा दिला. आसपासचे झरे आटले, या दोन ऐनांच्या मुळाशी मात्र पाणी वाहत राहिलं. सगळी वाडी त्यावर जगली. तेव्हा लहानूच्या अंगात देवीचं वारं आलं, असं सांगतात.

"माझ्यासाठी कोणी बसलं नव्हतं, ठाऊक आहे मला. पण दया करणाऱ्याने माझी राई संपवली, जळणाऱ्यांनी वाचवली. हेवा सोडू नका गं. एकमेकींच्या झाडांवर नजर ठेवा."

दोघींनी मान डोलावली, आणि पाणी भरताना कोणाची घागर मोठी तेही बघून घेतलं.

पुढे ठकूचा वंश ओढ्याच्या अलीकडे वाढला, चिमाचा पलीकडे. आजही हिरडा वेचताना बायका दोन काठांवरून एकमेकींना टोमणे मारतात, आणि पलीकडच्या बाईपुढे टोपली रिती करून मोजल्याशिवाय कोणी घरी नेत नाही. आजही भर उन्हाळ्यात इथलं पाणी आटत नाही.

तुम्हीही पडलेले चार हिरडे खिशात टाकलेत, पाहिलं मी. खुशाल न्या. फक्त ओढा ओलांडताना त्या काठावरच्या बाईला हिशेब खरा द्या. ती मघापासून तुमच्याच खिशाकडे बघतेय.