मुठीतली लिंबं

वडगिरी संस्थानच्या क्रिकेट संघाचा पगारी गोलंदाज येसबा भोईटे याचा खांदा कायमचा निखळला. महाराजांनी त्याला घरी न धाडता फुटबॉलचा संघ शिकवायला दिला. दिवाण गंगाधरपंतांना हे कसं रुचावं? त्या जागेवर त्यांना आपला मेहुणा बसवायचा होता.

"हाताने चेंडू टाकणारा पायाचा खेळ काय शिकवणार?" पंत भर दरबारात कडाडले. "गोलकीपर सोडून सामन्यात ज्याचा हात चेंडूला लागेल त्याची चाकरी गेली, मग तो कोणी का असेना!"

येसबा पेचात पडला. त्याचे गडी क्रिकेटमध्ये मुरलेले. चेंडू दिसला की हात आपसूक पुढे. मग त्याने गोलकीपर सोडून प्रत्येकाच्या दोन्ही मुठींत एकेक लिंबू दिलं. लिंबू पडलं की गडी बाहेर!

"खेळ शिकवतोस की सरबत करतोस?" पंत खदखदून हसले.

सामन्याच्या दिवशीही गडी लिंबं घेऊनच उतरले. एकाचीही मूठ उघडली नाही. शेवटी कुणाची तरी जोरदार लाथ बसली आणि चेंडू थेट शामियान्यात, पंतांच्या पगडीवर चालून आला. पंतांनी तो दोन्ही हातांनी झेलला आणि छातीशी कवटाळला.

महाराज मिशीत हसले. "काय येसबा, दिवाणसाहेबांची चाकरी गेली म्हणायची?"

येसबाने लवून मुजरा केला.

"छे छे, सरकार! ज्याला खेळ कळत नाही, त्याला पोरंसुद्धा बाद धरत नाहीत. दिवाणसाहेब आपले लिंबूटिंबू!"