सोलवटलेला गुडघा

“आणि हा गुडघा कुणाचा?” सोमगीरबाबांनी विचारलं.

पद्माकर पाय दुमडून घेत म्हणाला, “देहाचा, बाबा. माझा नव्हे.”

बाबांनी गुडघ्याकडं वाकून पाहिलं.

नदीवरून अंघोळ करून येताना हा गडी घाटाच्या पायरीवर सपशेल आपटला होता. गुडघा सोलवटला होता, रक्तात माती आणि बारीक खडे रुतून बसले होते. तरी चेहऱ्यावर काही दिसू द्यायचं नाही, असं त्यानं ठरवलंच होतं. मठात येऊन झाडलोट करण्यात दोन पावसाळे गेले होते, दीक्षा काही मिळाली नव्हती. ती आज मिळायची होती. अशा दिवशी कण्हत बसलो, तर बाबा म्हणतील, अजून कच्चा आहे. आणि पुन्हा हातात झाडू देतील.

धुनीतली चिमूटभर राख जखमेला लावतो आणि आसनावर बसतो, असं तो म्हणाला.

“राख कपाळाला लावतात,” बाबा म्हणाले. “पाय पुढं कर.”

त्यांनी आधी आपले हात साबणानं धुतले. मग उकळून गार केलेल्या पाण्याची धार गुडघ्यावर धरली. रक्त गेलं, माती गेली. एक खडा तेवढा हटून बसला होता. बाबांनी तो ओल्या फडक्यानं अलगद पुसून काढायला घेतला...

“आई गं!”

पद्माकरला वाटलं, संपलं सगळं. मान वर करायचा त्याला धीर होईना.

रक्त थांबेपर्यंत बाबांनी स्वच्छ फडकं दाबून धरलं. मग पट्टी बांधली, फार आवळली नाही. नुसतं खरचटलंय, खोल नाही. रोज धुवायचं, खपली धरली की नख लावायचं नाही, आणि दुपारी दवाखान्यात जाऊन धनुर्वाताची सुई घ्यायची, असं लहान मुलाला सांगावं तसं सांगितलं.

“म्हणजे दीक्षा...” पद्माकर पुटपुटला. “राहिलीच ना, बाबा?”

“राहील कशाला?”

बाबांनी आसन झटकून अंथरलं.

पद्माकर लंगडत आसनाजवळ आला. गुडघा ठणकत होता. त्यानं तो ठणकू दिला, डोळ्यांतलं पाणीही पुसलं नाही.

“पण बाबा, मी तर ओरडलो...”

“जो ओरडला, त्यालाच बसव इथं,” बाबा म्हणाले. “इतके दिवस त्याचीच तर वाट पाहत होतो.”